हुंडाबळीचा खटला पहिल्या जबाबातच हरतो

कळमन्याच्या बाजारात राबणाऱ्या माणसांच्या वस्त्यांत एक वाक्य आम्ही नेहमी ऐकतो. ‘हुंडा हा वरच्या जातींचा रोग, आपल्यात तो नाही.’ आम्हाला हे पटत नाही. लग्न विहारात साधेपणाने लागते हे खरे, पण वर्षभराने ऑटोसाठी, ठेल्यासाठी, दुकानासाठी माहेराहून पैसे आण, असा तगादा सुरू होतो. त्याला कोणी हुंडा म्हणत नाही. पोरगी मेल्यावर बचाव पक्षाचा वकीलही नेमके हेच म्हणतो.

आणि त्याचे म्हणणे एकेकाळी न्यायालयाने मान्यही केले होते. आप्पासाहेब विरुद्ध महाराष्ट्र शासन या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली ठरवले की घरखर्चासाठी किंवा शेतात खत घेण्यासाठी मागितलेला पैसा म्हणजे हुंडा नव्हे. खालच्या न्यायालयांनी दिलेली शिक्षा रद्द झाली. २०१५ मध्ये राजिंदर सिंग खटल्यात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हा अर्थ बरोबर नसल्याचे सांगितले. तेव्हा ऑटोचे पैसेही हुंडा ठरू शकतात. मात्र ते मागितले होते, हे सिद्ध व्हावे लागते.

येथेच लोकांची गफलत होते. सात वर्षांच्या आत सून मेली की सासरचे आपोआप आत, असा समज आहे. १९८६ साली भारतीय दंडसंहितेत कलम ३०४-ब आले, सोबत पुरावा कायद्यात ११३-ब आले. (१ जुलै २०२४ पासून हीच तरतूद न्याय संहितेच्या ८० व साक्ष अधिनियमाच्या ११८ कलमात आहे.) न्यायालय सासरच्यांना दोषी गृहीत धरते, पण केव्हा? मृत्यू अनैसर्गिक होता, लग्नाला सात वर्षे झाली नव्हती, मृत्यूच्या थोडे आधी नवऱ्याने किंवा त्याच्या नातेवाइकांनी छळ केला, आणि तो हुंड्यासाठीच केला, हे सरकार पक्षाने आधी दाखवल्यावर. पहिल्या दोन बाबी कागदावर सिद्ध होतात. ‘थोडे आधी’ म्हणजे लगेच आधी नव्हे, छळाचा आणि मृत्यूचा जिवंत संबंध हवा, असे २०२१ च्या सतबीर सिंग निकालात म्हटले आहे. तो संबंध सांगणारे साक्षीदार मात्र माहेरचेच असतात.

आणि माहेर गप्प असते. लेकीचा संसार मोडू नये म्हणून बाप उसनवारी करून पैसे हातात देतो, त्याचा कागद नसतो. पोरगी रडत आली तरी ‘नांदून घे माय’ म्हणून परत पाठवतो. ज्या नागपुरात १९४२ च्या जुलैत बाबासाहेबांनी महिला परिषदेत बायकोने नवऱ्याची दासी होऊ नये असे सांगितले, तेथे ही गत! मृत्यूच्या दिवशी दुःखात आणि दबावात दिलेला पहिला जबाब तीन ओळींचा असतो. पुढे साक्षीच्या पिंजऱ्यात बाप सगळे सांगतो आणि वकील विचारतो, ‘हे पोलिसांना का नाही सांगितले?’ येथे खटला कोसळतो. त्यात नातू सासरच्यांच्या ताब्यात असला, तर कित्येकदा बापच फितूर होतो. त्याला दोष देणे सोपे आहे, आम्ही देणार नाही.

मृत पोरीचे शब्दही पुरावा असतात. पुण्याच्या मंजुश्री सारडा खटल्यात तिने लिहिलेली पत्रे १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुराव्यात घेतली. आरोपी सुटला, कारण आरोप खुनाचा होता आणि आत्महत्येची शक्यता उरत होती. ३०४-ब तेव्हा जन्मलेही नव्हते.

आज पत्राच्या जागी मोबाइल आहे. म्हणून आमच्या महिला मंडळांनी प्रेत उचलण्याआधी माहेरच्यांसोबत पोलीस ठाण्यात जावे. केवळ पोलिसांच्या पंचनाम्यावर न थांबता दंडाधिकाऱ्यांच्या चौकशीचा आग्रह धरावा, अशा मृत्यूत कायद्याने ती व्हायलाच हवी. पैशाची प्रत्येक मागणी तारीख-महिन्यासह पहिल्याच जबाबात लिहून घ्यावी आणि जबाब वाचून दाखवायला सांगावा. पोरीचे संदेश ज्या फोनवर आले, तो फोन पुसू नये, विकू नये. तो पंचांसमोर जप्त करवून घ्यावा, म्हणजे सोबतचे प्रमाणपत्रही वेळेत मिळते.