अर्ध्या सेकंदाचा फरक

मी बँकेत लागलो तेव्हा आमच्या शाखेत संगणक आलेला नव्हता. संध्याकाळी दिवसाची बेरीज जुळवायची आणि मगच घरी जायचे, असा दंडक होता. एकदा नऊ पैशांचा फरक आला. मी खिशातून दहा पैशांचे नाणे काढले आणि म्हणालो, "साहेब, हे घ्या आणि जाऊ द्या." आमचे अकाउंटंट हसले नाहीत. म्हणाले, "अहो, फरक नऊ पैशांचा दिसतोय. त्याच्या पोटात एका बाजूला नऊ हजार आणि दुसऱ्या बाजूला नऊ हजार नऊ पैसे दडलेले नसतील कशावरून?" रात्री साडेनऊला चूक सापडली. कोणीतरी ४५ पैशांचे ५४ लिहिले होते. चूक किरकोळ निघाली, पण ती किरकोळ आहे हे शोधल्यावरच कळले.

हा प्रसंग मला २०२४ साली पुन्हा आठवला. त्या मार्चमध्ये अमेरिकेत आन्द्रेस फ्रॉइंड नावाचे मायक्रोसॉफ्टमधील एक अभियंते काही चाचण्या घेत होते. दूरच्या संगणकात शिरण्यासाठी एसएसएच नावाचा एक दरवाजा असतो. एरवी ०.३ सेकंदात होणाऱ्या कामाला तिथे ०.८ सेकंद लागत होते. अर्ध्या सेकंदाचा फरक! दुसऱ्या कोणी तेवढ्यात चहा आणला असता आणि विषय सोडून दिला असता. फ्रॉइंड यांनी सोडला नाही. माग काढता काढता ते ज्या फाईलपाशी पोहोचले, तिचा त्या दरवाज्याशी वरकरणी काही संबंधच नव्हता.

इथे थोडे समजावून सांगायला हवे. संगणकाच्या काळ्या पडद्यावर आज्ञा टंकून चालवायची अनेक लहान हत्यारे असतात. कोणी फाईल शोधते, कोणी नक्कल करते, कोणी दाबून लहान करते. एक्सझेड हे असे फाईल लहान करणारे हत्यार. आज्ञा आपण एक्सझेडला देतो, पण खरी मेहनत 'लिबएलझेडएमए' नावाची वेगळीच फाईल करते. तिला सामायिक लायब्ररी म्हणतात. 'डीएलएल फाईल सापडत नाही' अशी विंडोजची तक्रार ज्यांनी पाहिली आहे, त्यांनी याच जातीच्या फाईलचे नाव वाचले आहे. प्रत्येक आज्ञावलीने तेच काम स्वतंत्रपणे लिहिण्यापेक्षा एकाने लिहावे आणि सर्वांनी वापरावे, असा हा हिशेब. कल्पना जुनी आहे. १९४९ साली केंब्रिजमध्ये एडसॅक हा संगणक सुरू झाला, तेव्हाही पुन्हा पुन्हा लागणारे आज्ञासंच कागदी फितींवर तयार करून कपाटात ठेवले जात. लायब्ररी हा शब्द तेव्हाही वापरात होता.

माझे बालपण पुण्यातल्या वाड्यात गेले. वाड्यात हौद एक आणि बिऱ्हाडे अकरा. वापरायचे पाणी सगळे तिथूनच भरत. घरटी अकरा हौद बांधणे हा वेडेपणाच झाला असता. पण हौदात घाण पडली, तर ती अकराही घरांत पोहोचणार हेही तितकेच खरे. हौद घासायचे काम एकटे तात्या करीत. त्यांना कोणी सांगितले नव्हते आणि त्याचे पैसेही कोणी देत नव्हते. म्हातारपणी ते थकले, तेव्हा लोकांनी एवढेच विचारले, "तात्या, यंदा हौद कधी?"

एक्सझेडचे तात्या म्हणजे फिनलंडचे लासे कोलिन. वर्षानुवर्षे त्यांनी हे काम एकट्याने आणि फुकट सांभाळले. २०२१ साली 'जिआ टॅन' या नावाने कोणीतरी मदतीला आले. काम चोख, वागणे नम्र. २०२२ साली 'जिगर कुमार' वगैरे नावांनी पत्रे येऊ लागली, की सुधारणा वेळेवर होत नाहीत, दुसरा माणूस नेमा. कोलिन यांनी आपल्या तब्येतीचे कारण दिले आणि हा बिनपगारी छंद आहे याची आठवण करून दिली. अखेर किल्ल्या जिआ टॅनकडेही गेल्या. ही सारी नावे खोटी असावीत, असे आज जाणकार मानतात. त्यांच्या मागे कोण होते, हे उघड झालेले नाही.

२०२४ च्या फेब्रुवारीत आणि मार्चमध्ये एक्सझेडच्या ५.६.० आणि ५.६.१ या आवृत्त्या निघाल्या. विषारी भाग चाचणीसाठी ठेवलेल्या फायलींत लपवला होता, आणि तो जागा करणाऱ्या ओळी फक्त वाटपाच्या गठ्ठ्यात होत्या. उघड्या दप्तरात त्या नव्हत्याच. आमच्या भाषेत सांगायचे तर चोपडीत नोंद एक आणि पाकिटात माल दुसरा. काही लिनक्स वितरकांनी एसएसएचला सिस्टमडी या कारभाऱ्याशी जोडले होते आणि सिस्टमडीच्या लायब्ररीला लिबएलझेडएमए लागत होती. ओळखीच्या ओळखीने चोर थेट तिजोरीच्या दारात पोहोचला. ज्याच्याकडे गुप्त किल्ली, त्याला अशा यंत्रावर हवी ती आज्ञा चालवता आली असती.

२९ मार्च २०२४ रोजी, गुड फ्रायडेला, फ्रॉइंड यांनी हे जाहीर केले. तोवर ह्या आवृत्त्या डेबियन, फेडोरा यांच्या चाचणीच्या शाखांत शिरल्या होत्या. सर्वसामान्य वापराच्या पक्क्या आवृत्त्यांपर्यंत त्या पोहोचल्या नव्हत्या. इंटरनेटवरचे बहुसंख्य मोठे संगणक लिनक्सवर चालतात. तेव्हा हे आपल्या घरापासून फार दूरचे होते, असे कोणी समजू नये.

सगळ्यांना फुकट आणि खुले असलेले काहीही असुरक्षितच असणार, असा निष्कर्ष काहींनी काढला. मला तो पटत नाही. मूळ मजकूर खुला होता, म्हणून तर एका त्रयस्थाला आत डोकावता आले. दोष मला दुसरीकडे दिसतो. बँकेच्या स्ट्राँगरूमला दोन किल्ल्या असतात आणि त्या दोन अधिकाऱ्यांकडे असतात. मागणी करणारा आणि मंजुरी देणारा एकच चालत नाही. आम्ही एकमेकांवर अविश्वास ठेवीत होतो म्हणून हे नियम नव्हते. माणूस थकतो, आजारी पडतो, भुलतो, हे मान्य करून ते केलेले होते. इथे मात्र जगाच्या स्ट्राँगरूमची किल्ली एका थकलेल्या माणसाच्या खिशात होती आणि दुसरी किल्ली कोणाकडे असावी, याचा विचार करायला कोणाला फुरसत नव्हती.

हा धडा पहिल्यांदाच मिळाला असेही नाही. २०१४ साली ओपनएसएसएल या अशाच सामायिक लायब्ररीत 'हार्टब्लीड' नावाची चूक सापडली. ती दोन वर्षे तशीच होती. तेव्हा मोठ्या कंपन्यांनी निधी उभा केला आणि पुढे लक्ष ओसरले. जर्मनीने २०२२ मध्ये अशा देखभालीसाठी सरकारी पैशातून सॉव्हरिन टेक फंड सुरू केला. आपल्या केंद्र सरकारने २०१५ साली खुल्या आज्ञावली वापरण्याचे धोरण स्वीकारले. धोरण चांगलेच आहे. पण ज्या हौदाचे पाणी भरायचे, त्याच्या साफसफाईची वर्गणीही अर्थसंकल्पात दिसायला हवी. नव्या ॲपच्या उद्घाटनाला फीत कापता येते, देखभालीला कापायला फीत नसते, हीच खरी अडचण आहे.

तात्या गेल्यानंतर हौदाचे काम मी करतो, असे म्हणत एखादा हसतमुख तरुण वाड्यात आला असता, तर अकरा बिऱ्हाडांनी सुटकेचा निःश्वास टाकला असता. त्याचे गाव कोणते, असे आमच्यापैकी एकाने तरी विचारले असते का? मला शंकाच आहे.