पंचनाम्याबाहेरची माणसे

लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’ १९८० साली आले, १९८१मध्ये त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला आणि सातारा जिल्ह्यातल्या वाचकांनी ते आपले मानले. त्याबद्दल आमची तक्रार नाही. तक्रार आहे ती वाचनाच्या सवयीशी. गाढवांच्या पाठीवर बिऱ्हाड लादून हिंडणाऱ्या कैकाडी कुटुंबाचे हाल वाचून हळहळणारा वाचक साताऱ्याच्या किंवा सांगलीच्या एसटी स्थानकावर उतरतो आणि कडेला गोणपाट अंथरून निजलेल्या माणसाला ‘भिकारी’ म्हणून मोकळा होतो. बेघर त्याला छापील हवा असतो. दिसलाच तर मुंबईच्या पदपथावर दिसावा. अर्थात दोष एकट्या वाचकाचा नव्हे. उपजीविकेचे दृश्य साधन नसताना भटकणे हीसुद्धा भीकच, असे १९५९च्या मुंबई भिक्षा प्रतिबंधक कायद्यानेच ठरवले होते.

२०११च्या जनगणनेने बेघरांची मोजणी २८ फेब्रुवारीच्या एका रात्रीत उरकली. जणू बेघरपण ही रात्रीची बाब आहे! बोचके कुणाच्या भरवशावर टाकून मजूर अड्ड्यावर उभे राहायचे, अंघोळीचे पाणी कुठून आणायचे, शौचालयाचे पैसे भाकरीतून कापायचे की कसे, हे सारे प्रश्न उजाडल्यावरचे आहेत. बायांना तर अंधार पडायची वाट पाहावी लागते. आणि रात्र तरी कुठे स्वतःची? दुकानाचे शटर पडेपर्यंत पायरी मिळत नाही, झाडलोट सुरू होण्याआधी ती सोडावी लागते.

ऑगस्ट २०१९मध्ये सांगलीत आयर्विन पुलापाशी कृष्णेने ५७ फुटांची पातळी ओलांडली, तेव्हा खाऊनपिऊन सुखी माणसेही शाळांतून सतरंज्यांवर झोपली. ‘संसार उघड्यावर आला’ असे जो तो हळहळून म्हणत होता. पाणी ओसरले, पंचनामे झाले. पंचनामा घराचा होतो. ज्याला घरच नव्हते त्याची गोधडी, डबा आणि कागदपत्रांची पिशवी वाहून गेली असेल, तर ती कोणत्या रकान्यात लिहायची?

शहरात दर लाख वस्तीमागे एक निवारा असावा, हा राष्ट्रीय नागरी उपजीविका अभियानाचा निकष. २०११मध्ये सांगली-मिरज-कुपवाडची वस्ती पाच लाखांवर होती. हिशेब काही अवघड नाही. नगरसेवक मत मागायला येतील तेव्हा पाच निवारे कुठे आहेत, हे त्यांना विचारावे. आणि जो असेल त्यात दिवसा थांबू देतात का, बोचके ठेवायला कुलपाचे कपाट आहे का, हेही.