पटकथा : शमा झैदी



'मंडी' दाखवला की गटात वाद ठरलेला. रुक्मिणीबाई शोषक की शोषित? वेश्याव्यवसायाकडे आपण पाहायचे कसे? वाद रंगतो आणि नाव निघते ते श्याम बेनेगलांचे. हे लिहिले कुणी, असे सहसा कुणी विचारत नाही.

'मंडी'च्या (१९८३) मुळाशी गुलाम अब्बास यांची 'आनंदी' ही उर्दू कथा आहे. नगरपालिका वेश्यांना गावाबाहेर काढते आणि त्यांच्याभोवतीच नवे शहर वसते. कथेचा रोख सभ्य माणसांच्या दांभिकपणावर आहे. तिचा नायक म्हणजे ते शहरच. पडद्यावर मात्र आपण एका घरात शिरतो. रुक्मिणीबाईचा लोभ आणि तिची माया, मुलींचे रुसवेफुगवे, हिशेब. बेनेगल आणि सत्यदेव दुबे यांच्यासह ही पटकथा लिहिणारी बाई म्हणजे शमा झैदी. 'गोष्ट तर दुसऱ्याची, मग हिने काय केले?' असे म्हणणाऱ्यांनी आधी कथा वाचावी, मग चित्रपट पाहावा.

रूपांतराचे संस्कार त्यांच्यावर घरातच झाले. आई कुदसिया झैदी यांनी दिल्लीत हिंदुस्तानी थिएटर उभारले, 'शाकुंतल' हिंदुस्तानीत आणले. लेकीने कैफी आझमींसोबत इस्मत चुगताईंच्या अप्रकाशित कथेवरून 'गर्म हवा' लिहिला. फाळणीनंतरच्या आग्र्यातले ते मुसलमान कुटुंब, त्यातली अमीना आपल्या शिबिरांत आजही बोलते होऊ देते. 'उमराव जान'च्या (१९८१) पटकथेतही त्या होत्या. 'शतरंज के खिलाडी'चे (१९७७) संवाद त्यांनी जावेद सिद्दिकींबरोबर लिहिले. सत्यजित रायांची ती भाषा नव्हे. त्याच चित्रपटाचे कपडेही त्यांचेच. (कपडेपट म्हणजे बाईचे काम, त्यात काय लिहायचे, असे समीक्षकांना वाटत असावे.)

मुलांसाठीच्या लेखनाचे तर विचारूच नका. ते म्हणजे फावल्या वेळातले! 'चरणदास चोर' (१९७५) बाल चित्रपट समितीसाठी झाला. विजयदान देथांची राजस्थानी लोककथा हबीब तन्वीरांनी रंगमंचावर आणली होती. तिची पटकथा करण्यात झैदींचा वाटा होता. खरे बोलणारा चोर आणि खोटे बोलणारे प्रतिष्ठित, हे मुलांना उपदेशाविना कळते. आज तो चित्रपट कुणाला आठवलाच, तर स्मिता पाटीलच्या सुरुवातीच्या कामासाठी. पुढे नेहरूंच्या ग्रंथावरून दूरदर्शनवर 'भारत एक खोज' (१९८८) आली. ५३ भाग! शाळकरी मुलांच्या एका पिढीने तिथे इतिहास पाहिला. त्या लेखकांतही झैदी होत्या.

या अंकापासून चित्रपटावरच्या प्रत्येक टिपणात पटकथा आणि संवाद लिहिणाऱ्यांची नावे छापायची, असे आम्ही ठरवले आहे. तुमच्या कार्यक्रमपत्रिकेतही तेवढी एक ओळ वाढवा. पुढचा चित्रपट निवडायचा असेल, तर विणकरांच्या जगण्यावरचा 'सुस्मन' (१९८७) घ्या. तोही त्यांनीच लिहिला आहे.

— संपादक