वावड्याच्या गोळीचं खरं नाव

भोगी म्हटलं की आपल्याला तीळ लावलेली बाजरीची भाकरी, मिश्र भाजी आणि लोण्याचा गोळा आठवतो. चेन्नईत भोगी म्हणजे धूर. पोंगलच्या आदल्या दिवशी पहाटे लोक घरातलं जुनं, टाकाऊ सामान दारासमोर आणून पेटवतात. टायर आणि प्लास्टिक जाळू नका असं दरवर्षी बजावलं जातं, तरी काही ठिकाणी ते जळतंच. त्यात जानेवारीचं धुकं मिसळलं की समोरची इमारत दिसत नाही. काही वर्षी तर विमानांनाही उशीर झाला आहे.

गेल्या संक्रांतीला माझ्या सासूबाई साताऱ्याहून आमच्याकडे वेस्ट मांबलमला आल्या होत्या. भोगीच्या दिवशी पहाटे साडेपाचपासून त्यांच्या शिंका सुरू झाल्या. नाक चोंदलं, डोळे लाल झाले. शेजारच्या मामी दाराशी आल्या, त्यांच्याकडे बघून म्हणाल्या, "ओव्वामै!"

"काय म्हणतायत गं त्या?" आईंनी विचारलं.

"अ‍ॅलर्जी म्हणतायत, आई."

कोपऱ्यावरच्या औषधाच्या दुकानातून मीच गोळी आणली. आईंनी ती नाश्त्यानंतर घेतली. दुपारी बारा वाजता त्या न्हाणीघराकडे निघाल्या आणि दारातच त्यांचा तोल गेला. चौकट हाताला लागली म्हणून बरं. नाहीतर चौऱ्याहत्तराव्या वर्षी पडणं म्हणजे काय, हे सांगायला नको. त्यांना बसवलं, पाणी दिलं, तरी डोळे मिटत होते. "झोप आवरत नाहीये गं," एवढंच म्हणत होत्या.

गल्लीतल्या डॉक्टरांकडे घेऊन गेलो. त्यांनी रक्तदाब तपासला आणि विचारलं, "गेल्या चोवीस तासांत कोणकोणत्या गोळ्या घेतल्या? पट्ट्या दाखवा." मी कोपऱ्यावरून आणलेली पट्टी पुढे केली. आईंनी पिशवीतून आपली पट्टी काढली. साताऱ्याच्या डॉक्टरांनी रोज रात्री घ्यायला दिलेली. आदल्या रात्री दहा वाजता त्यांनी त्यातली एक घेतली होती. मला ते ठाऊक नव्हतं आणि मी विचारलंही नव्हतं.

दोन पट्ट्या, दोन कंपन्या, दोन रंग, दोन नावं. डॉक्टरांनी त्या शेजारी शेजारी ठेवल्या आणि नावाखालच्या बारीक अक्षरांवर बोट ठेवलं. दोन्हीकडे तेच दोन शब्द होते: लेव्होसेटिरिझिन ५ मिलिग्रॅम, मॉन्टेलुकास्ट १० मिलिग्रॅम. चोवीस तासांतून एकदा घ्यायचं औषध बारा तासांच्या आत दोनदा पोटात गेलं होतं. शिवाय लेव्होसेटिरिझिन मुख्यतः मूत्रपिंडावाटे बाहेर पडतं. वयाबरोबर मूत्रपिंडाचं काम मंदावतं, त्यामुळे वयस्कर माणसांच्या अंगात ते जास्त वेळ रेंगाळतं. संध्याकाळपर्यंत आई सावध झाल्या, तिळगूळही वळायला बसल्या. पण त्या बारीक अक्षरांनी माझी झोप उडवली. म्हणून या वेळी या सदरात ती अक्षरं वाचू या.

आधी दुखण्याचं नाव. 'अ‍ॅलर्जी' हा शब्द १९०६ साली व्हिएन्नाचे बालरोगतज्ज्ञ क्लेमेन्स फॉन पिर्के यांनी तयार केला. ग्रीक भाषेत 'अलोस' म्हणजे वेगळा आणि 'एर्गॉन' म्हणजे काम. एखाद्या गोष्टीला शरीर नेहमीपेक्षा वेगळंच उत्तर देतं, असा त्याचा अर्थ. मामींचा 'ओव्वामै' हा शब्द 'न जुळणं, न पटणं' असं सांगतो. आणि आपली मराठी? "मला वांग्याचं वावडं आहे", "त्याला दूध मानवत नाही". पिर्केसाहेबांच्या कितीतरी आधीपासून आपल्या आज्या हे म्हणत आल्या आहेत. तेव्हा अँटिअ‍ॅलर्जिक गोळी म्हणजे वावड्यावरची गोळी.

आता गोळीचं नाव. प्रत्येक औषधाला निदान दोन नावं असतात. एक कंपनीने ठेवलेलं, ठसठशीत, जिभेवर बसणारं. ही झाली दुकानाची पाटी. दुसरं आतल्या रसायनाचं, जगभर एकच असणारं. हे जन्मदाखल्यावरचं नाव. ही दुसरी नावं जागतिक आरोग्य संघटना ठरवते. तसा ठराव १९५० साली झाला आणि १९५३ पासून ही पद्धत सुरू झाली. एका औषधाचं नाव दुसऱ्यासारखं ऐकू येऊ नये, आणि एका कुळातल्या औषधांच्या नावात एक समान तुकडा असावा, ही त्यामागची मुख्य सूत्रं. हा तुकडा बहुतेक वेळा शेपटीला असतो.

आपल्याला हे नवीन नाही. 'सातारकर', 'पुणेकर' ऐकलं की शेवटचा 'कर' गावाकडे बोट दाखवतो. औषधाची शेपटी कुळाकडे बोट दाखवते. आईंच्या गोळीतली दोन नावं याच पद्धतीने उलगडू या.

पहिलं, लेव्होसेटिरिझिन. 'रिझिन' हे कुळाचं चिन्ह. शरीर बिथरलं की काही पेशी हिस्टामिन नावाचं रसायन सोडतात. शिंका, खाज, पाणावलेले डोळे ही त्याचीच करणी. सेटिरिझिन हिस्टामिनची बसायची जागा अडवतं. मग पुढचा 'लेव्हो' कशाला? लॅटिनमध्ये 'लीवस' म्हणजे डावा. सेटिरिझिनचे रेणू दोन प्रकारचे असतात, एकमेकांचं आरशातलं प्रतिबिंब असावं तसे. चपलांचा जोड घ्या. दोन्ही सारख्याच दिसतात, पण डावी चप्पल उजव्या पायात बसत नाही. सेटिरिझिनच्या गोळीत डावे-उजवे निम्मे निम्मे असतात आणि हिस्टामिनची जागा प्रामुख्याने त्यातले एकाच प्रकारचे रेणू अडवतात. तेवढेच वेगळे काढले की झालं लेव्होसेटिरिझिन. म्हणून सेटिरिझिनची नेहमीची गोळी १० मिलिग्रॅमची आणि लेव्होसेटिरिझिनची ५ ची. आकडा निम्मा आहे म्हणून औषध 'हलकं' आहे असं समजू नका.

दुसरं, मॉन्टेलुकास्ट. शेपटी 'लुकास्ट'. ल्युकोट्राईन नावाच्या रसायनांची वाट अडवणारं हे कूळ. ही रसायनं पांढऱ्या रक्तपेशींत सापडली. ग्रीकमध्ये 'ल्युकोस' म्हणजे पांढरा, त्यावरून त्यांचं नाव. श्वासनलिका आवळणं, नाकाचं अस्तर सुजवणं ही त्यांची कामं. म्हणून दम्याच्या रुग्णांना हे औषध दिलं जातं. आणि सुरुवातीचा 'मॉन्ट'? ज्या प्रयोगशाळेत हे औषध घडलं ती कॅनडातल्या मॉन्ट्रियल शहरात होती, त्या गावाची ही खूण. म्हणजे आपल्या पद्धतीने म्हणायचं तर हे औषध 'मॉन्ट्रियलकर'!

गंमत बाजूला ठेवून एक गंभीर गोष्ट. मॉन्टेलुकास्ट घेणाऱ्या काही जणांना वाईट स्वप्नं, चिडचिड, उदासी, क्वचित आत्महत्येचे विचारही आल्याचं नोंदलं गेलं आहे. अमेरिकेच्या औषध प्रशासनाने मार्च २०२० मध्ये या औषधावर सर्वांत कडक प्रकारचा इशारा छापायला लावला, आणि नुसत्या नाकाच्या अ‍ॅलर्जीसाठी दुसरे उपाय चालत असतील तर हे वापरू नये असा सल्ला दिला. सर्दीची साधी गोळी म्हणून आपण जे आणतो त्यात हे दुसरं नाव आहे का, हे पाहायचं ते यासाठी. घरातलं मूल ही गोळी सुरू झाल्यावर रात्री दचकून उठू लागलं, तर ते डॉक्टरांना सांगायला हवं. मात्र दम्यासाठी चालू असलेली गोळी मनानेच बंद करू नका.

आणखी काही शेपट्या ओळखीच्या करून ठेवू. घराघरात अ‍ॅव्हिल म्हणून ओळखली जाणारी गोळी म्हणजे फेनिरामिन. सर्दीच्या अनेक मिश्र गोळ्यांत आणि औषधांत असतं ते क्लोरफेनिरामिन. शेपटी तीच, कूळ तेच, जुनं आणि गुंगी आणणारं. ते घेऊन दुचाकी चालवू नये. फेक्सोफेनाडिन नवं, गुंगी फारच कमी. पण फळांच्या रसाबरोबर घेतलं तर ते अंगात कमी शोषलं जातं, म्हणून साध्या पाण्याबरोबरच घ्यावं. 'अ‍ॅस्टिन' ही शेपटी बिलास्टिनच्या गोळीत आणि अ‍ॅझेलास्टिनच्या नाकातल्या फवाऱ्यात दिसेल. आणि नावाच्या शेवटी 'मॅब' दिसलं, उदाहरणार्थ ओमालिझुमॅब, तर ते प्रतिपिंडापासून बनवलेलं, सुईने द्यायचं औषध. तीव्र दमा किंवा महिनोन् महिने न जाणाऱ्या पित्ताच्या गांधी यांसाठी तज्ज्ञच ते देतात.

लहान मुलांच्या बाबतीत तर ही अक्षरं वाचायलाच हवीत. क्लोरफेनिरामिन आणि फेनिलेफ्रिन हे मिश्रण चार वर्षांखालील मुलांना देऊ नये, असा इशारा बाटलीवर छापण्याचे आदेश केंद्रीय औषध नियंत्रकांनी डिसेंबर २०२३ मध्ये दिले. तरीही २०२५ च्या पावसाळ्याअखेर मध्य प्रदेशातल्या छिंदवाड्यात जे घडलं ते आपण सर्वांनी वाचलं. खोकल्याचं जे औषध पिऊन वीसहून अधिक मुलं दगावली, त्यात लेबलप्रमाणे हीच दोन नावं आणि पॅरासिटामॉल होतं. यातल्या काही मुलांवर नागपुरात उपचार झाले होते. औषध बनलं होतं आमच्या चेन्नईशेजारच्या कांचीपुरम जिल्ह्यात. मुलांचा जीव गेला तो त्यात सापडलेल्या डायएथिलीन ग्लायकॉल या विषामुळे, जे लेबलवर कुठेच नव्हतं. म्हणजे नाव वाचून सगळंच कळतं असं नाही. भेसळ पकडणं हे सरकारचं काम आहे. पण चार वर्षांखालच्या बाळाला हे मिश्रण द्यायचंच नाही, एवढं मात्र नाव वाचून आपल्या हातात राहतं.

चेन्नईत राहून या खऱ्या नावांचा आणखी एक उपयोग कळला. तमिळनाडू सरकारने १९९४ साली एक वैद्यकीय सेवा महामंडळ स्थापन केलं. ते सरकारी दवाखान्यांसाठी औषधं एकत्र विकत घेतं, तीही मूळ नावाने. ज्याला हवं त्याने तेच औषध बनवून कमी दर सांगावा, म्हणून औषधं स्वस्त पडतात. फेब्रुवारी २०२५ मध्ये राज्यभर 'मुदल्वर मरुंदगम' नावाची स्वस्त औषधांची दुकानंही उघडली. 'मरुंदु' म्हणजे औषध. आपल्याकडच्या जनऔषधी केंद्रासारखंच हे. पण तिथे जाऊन पाटीवरचं नाव सांगितलं तर काम अडतं, मूळ नाव सांगितलं की होतं. म्हणजे खरं नाव ठाऊक असणाऱ्याचे पैसेही वाचतात.

तर वाचकहो, आज एवढंच करा. घरात चालू असलेल्या प्रत्येक औषधाच्या पट्टीचा, मूळ नाव दिसेल असा फोटो काढून फोनमध्ये ठेवा. फार खपाच्या ३०० औषधांच्या वेष्टनावर ऑगस्ट २०२३ पासून क्यूआर कोड बंधनकारक आहे. तो फोनने टिपला की मूळ नाव, बनवणारी कंपनी आणि मुदत दिसते. पट्टी कापताना मूळ नावाची बाजू शिल्लक ठेवा. दुकानात नवी गोळी घेताना "यात काय काय आहे?" असं विचारा आणि आधीच्या फोटोंशी ताडून पाहा. एक शब्द जरी जुळला, तरी डॉक्टरांना विचारल्याशिवाय गोळी तोंडात टाकू नका. आणि ओठ, जीभ सुजली, श्वास अडकू लागला, तर यातली कुठलीही गोळी पुरत नाही. १०८ ला फोन करा आणि थेट रुग्णालय गाठा.

आई महिनाभर राहून परत गेल्या. जाण्याआधी त्यांनी आपल्या हिशेबाच्या वहीच्या शेवटच्या पानावर चारही औषधांची मूळ नावं देवनागरीत उतरवून घेतली. मी सांगत गेले, त्या लिहीत गेल्या. परवा साताऱ्याहून त्यांचा फोन आला. सर्दी झाली म्हणून दुकानात गेल्या होत्या.

"त्याने दिलेली गोळी मी परत केली," त्या म्हणाल्या. "म्हटलं, बाबा रे, हा मॉन्ट्रियलकर आमच्याकडे आधीच राहायला आहे."