सामानगड, औट्रम साहेब आणि आमची सोयीची आठवण

नेसरीची खिंड सगळ्या महाराष्ट्राला माहीत आहे. २४ फेब्रुवारी १६७४, प्रतापराव गुजर आणि त्यांचे सहा सरदार. दरवर्षी अभिवादन होतं, पुढारी येतात, हार पडतात, आम्ही पत्रकार बातमी करतो. हे झालंच पाहिजे. पण याच गडहिंग्लज तालुक्यात, सामानगडावर, १८४४ साली गडकऱ्यांनी कंपनी सरकारच्या तोफांसमोर दरवाजे बंद करून घेतले होते. ही गोष्ट तालुक्यातल्या दहावीच्या पोराला विचारून बघा. तो तुम्हाला कातळातल्या विहिरी सांगेल, मारुतीचं देऊळ सांगेल. १८४४ सांगणार नाही. दोष पोराचा नाही, आपला आहे.

वर आमच्याकडं कट्ट्यावर एक वाक्य हमखास ऐकू येतं. "काही म्हणा, इंग्रजांचं राज्य शिस्तीचं होतं. साहेब पैसे खात नव्हता." हे म्हणणाऱ्यांसाठीच आजची पोस्ट आहे. थोडी लांब आहे, पण शेवटपर्यंत वाचा.

तुमच्या म्हणण्यातला सगळ्यात चांगला साहेबच घेऊ. जेम्स औट्रम. जन्म १८०३, हिंदुस्थानात आला १८१९ ला, सोळाव्या वर्षी. १८२५ पासून खानदेशात भिल्ल पलटण उभी केली. वाघाच्या शिकारी करत, भिल्लांसोबत राहत त्यानं ती माणसं कंपनीच्या नोकरीत आणली. पुढं अफगाण युद्ध, मग सिंध. १८४३ ला सिंध खालसा झाला तेव्हा हा माणूस त्या धोरणाच्या विरोधात बोलला. लुटीतला त्याच्या वाट्याचा हिस्सा तीन हजार पौंड होता. तो त्यानं स्वतःसाठी ठेवला नाही, धर्मादाय संस्थांना देऊन टाकला. बडोद्याला रेसिडेंट असताना तिथल्या लाचखोरीवर त्यानं मुंबई सरकारला अहवाल दिला. त्या भानगडीसाठी आपला मराठी 'खटपट' हा शब्दच इंग्रजी कागदपत्रांत जाऊन बसला. सरकारला अहवाल झोंबला आणि १८५१ च्या सुमारास साहेबाचीच उचलबांगडी झाली. १८५७ ला लखनौवर चाल करताना हा वरिष्ठ होता, तरी कामगिरीचा मान हॅवलॉकला मिळावा म्हणून त्यानं स्वतःकडं सेनापतिपद घेतलं नाही.

म्हणजे माणूस स्वच्छ, शूर, दिलदार. मान्य. एक शब्द कमी करत नाही.

आता हाच स्वच्छ माणूस १८४४ ला आपल्याकडं कशाला आला ते बघा.

कोल्हापूरचे बुवासाहेब महाराज १८३८ ला वारले. गादीवर अज्ञान मुलगा. कंपनीनं संधी साधली आणि दाजी कृष्ण पंडित यांना कारभारी म्हणून बसवलं. कारभाराची 'सुधारणा' सुरू झाली. त्या सुधारणेत पिढ्यान्‌पिढ्या गड राखणाऱ्या गडकऱ्यांच्या जमिनी मामलेदारांच्या ताब्यात द्यायचं ठरलं. शिवकाळापासूनची ही व्यवस्था. गड राखायचा, त्याबदल्यात जमीन कसायची. ती एका हुकमासरशी गेली. ना कुणाला विचारलं, ना कुणाचं ऐकलं.

सामानगड आणि भुदरगडच्या गडकऱ्यांनी दरवाजे लावले. बेळगावहून फौज आली. पहिल्या झटक्यात गड पडला नाही, मग जनरल डेलामोटच्या हाताखाली मोठी फौज, मोठ्या तोफा. १३ ऑक्टोबर १८४४ ला सामानगड पडला. पुढं भुदरगड. १ डिसेंबरला पन्हाळा. बाबाजी अहिरेकर पन्हाळ्यावर पडला. या मोहिमेत औट्रम होता. उरलेले लोक सावंतवाडीकडं सरकले, तेव्हा मनोहर-मनसंतोषच्या बाजूच्या जंगलात त्यांच्या मागावर हाच औट्रम होता. कित्येकांनी शेवटी गोव्यात पोर्तुगिजांच्या हद्दीत आसरा घेतला.

नंतर काय झालं? गडांची तटबंदी पाडली. पन्हाळ्याचा चार दरवाजा गेला तो याच धामधुमीत. आणि बंड मोडायला आलेला खर्च वसूल कुणाकडून? कोल्हापूर संस्थानाकडून. म्हणजे ज्यांची जमीन काढली, त्यांच्याच मुलखाकडून त्यांना मारल्याचं बिल वसूल केलं. याला शिस्त म्हणायची असेल तर जरूर म्हणा.

माझा मुद्दा इथंच आहे. औट्रम पैसे खात नव्हता. खाण्याची गरजच नव्हती. ज्या यंत्राचा तो पुर्जा होता ते यंत्रच मुलूख खात होतं. सिंधबद्दल त्याचं मन त्याला टोचलं. सामानगडाच्या गडकऱ्यासाठी टोचल्याचं दिसत नाही. १८५६ ला अवध खालसा झालं, नवाब वाजिद अली शाहला गादीवरून उतरवलं, तेव्हा लखनौचा रेसिडेंट कोण? हाच औट्रम. चांगला माणूस वाईट हुकूम नीटनेटका अमलात आणतो, तेव्हा तो हुकूम जास्त पचतो. भ्रष्ट साहेबाला लोक शिव्या तरी घालतात.

आता दुसऱ्या बाजूचे विद्वान. ते म्हणतात, "गडकरी काय स्वातंत्र्यासाठी लढले? स्वतःच्या वतनासाठी लढले." बरं. पोटासाठी लढणं कधीपासून हलकं झालं? ज्याची जमीन गेली तो जमिनीसाठीच उठणार. स्वातंत्र्य म्हणजे हवेतली गोष्ट नाही. माझ्या शेताबद्दल, माझ्या घराबद्दल निर्णय घेताना मला विचारलं जाणं, हेच स्वातंत्र्याचं पहिलं कलम. आणि ही धग विझली नाही. ३१ जुलै १८५७ ला कोल्हापुरात सत्ताविसावी पलटण उठली. छत्रपतींचे धाकटे बंधू चिमासाहेब यांना कराचीला नेऊन ठेवलं, तिथंच ते गेले. तेरा वर्षांचं अंतर आहे, पण मुलूख तोच आणि राग तोच.

आजचं बोलायचं तर, शक्तिपीठ महामार्गाच्या विरोधात कोल्हापूर जिल्ह्यातला शेतकरी रस्त्यावर उतरला, तेव्हाही "विकासाला विरोध करतात" हेच ऐकू आलं. मी आजच्या सरकारला कंपनी सरकार म्हणत नाही. आपण मत देतो, कोर्टात जातो, हा मोठा फरक आहे. पण आधी हुकूम काढायचा आणि नंतर समजूत घालायला यायचं, ही खोड मात्र जुनी आहे. ती ओळखायची तर सामानगड माहीत पाहिजे.

औट्रम १८६३ ला गेला. लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये त्याला पुरलंय, थेम्सच्या काठाला पुतळा आहे. कोलकात्यातला घोड्यावरचा पुतळा व्हिक्टोरिया मेमोरियलला हलवला, पण औट्रम घाट आजही त्याच नावानं चालू आहे. त्यांनी आपल्या माणसाची आठवण जपली, त्याबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार आपल्याबद्दल आहे. सामानगडावर पडलेल्यांची नावं आपल्यातल्या किती जणांना ठाऊक आहेत?

म्हणून तीन मागण्या. एक, तालुक्यातल्या प्रत्येक शाळेची एक सहल सामानगडावर जावी आणि तिथं १८४४ सांगितलं जावं. दोन, १३ ऑक्टोबरला गडावर गडकऱ्यांना मानवंदना व्हावी, भाषणं कमी आणि माहिती जास्त. तीन, गडाच्या आसपासच्या गावांतल्या जुन्या घरांनी माळ्यावरची मोडी कागदं रद्दीत घालू नयेत. मोडी वाचणाऱ्याला दाखवा. एखाद्या कागदात तुमच्याच खापरपणजोबाचं नाव निघेल.

खिंडीतले सात आपलेच. गडावरचे शेकडोही आपलेच. पटलं तर पुढं पाठवा. नाही पटलं तर खाली लिहा, मी उत्तर देईन.