पेस्ट केली आणि फसले!

आधीच सांगते, माझं सगळं शिक्षण कॉन्व्हेंटमध्ये झालंय. ऱ्हस्व-दीर्घ दिसलं की मला अजून घाम फुटतो. तरी हा लेख मराठीतच लिहायचं ठरवलं, कारण तो ज्यांनी वाचावा असं मला वाटतं, ते आमच्या लॅबचे मामा मॅगझिनमधला इंग्लिश विभाग उघडतसुद्धा नाहीत.

मामा यंदा मार्चमध्ये रिटायर झाले. सेंड-ऑफला आम्ही त्यांच्यावर दहा मिनिटांची फिल्म दाखवणार होतो. मामा कॅमेऱ्यासमोर तब्बल चाळीस मिनिटं बोलले. फ्लॉपीच्या जमान्यातले किस्से, खंडेनवमीला सर्व्हरला वाहिलेली फुलं, ओरल्सच्या दिवशी रडणाऱ्या पोरांना पाजलेला चहा... सगळं! शूटिंग मोबाइलवर केलं, लॅपटॉपवर कॉपी केलं आणि मोबाइलमध्ये जागा नव्हती म्हणून तिथून डिलीट केलं. (हो, बॅकअप नव्हता. आणि म्हणे टी.ई. कॉम्प्युटर!)

लॅबच्या ट्यूबलाइटमध्ये चित्र फारच दाणेदार आलं होतं. ते साफ करणारा एक प्लग-इन मिळाला, फोल्डरमध्ये टाकला, तर एडिटिंग सॉफ्टवेअर म्हणे, ‘स्पेसिफाइड मॉड्यूल सापडलं नाही’. फाइल तर डोळ्यांसमोर होती! मैत्रीण म्हणाली, "अगं, ही करप्ट असेल, दुसरीकडून घे ना." घेतली. त्या साइटवर लिहिलं होतं, अँटिव्हायरस थोडा वेळ बंद ठेवा. ठेवला. दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्या प्रत्येक फाइलच्या नावाला भलतंच शेपूट लागलेलं होतं आणि डेस्कटॉपवर पैसे मागणारी चिठ्ठी होती. मामांची चाळीस मिनिटं गेली.

सगळ्यात जास्त राग कशाचा आला सांगू? त्या एररचा अर्थ नंतर नीट वाचला तेव्हा कळलं, की माझी पहिली फाइल बहुतेक चांगलीच होती! विंडोज जेव्हा असं म्हणतं, तेव्हा अनेकदा ती फाइल जागेवर असते, पण तिला लागणारी दुसरी एखादी डीएलएल सापडत नसते. पुष्कळदा ती मायक्रोसॉफ्टची व्हिज्युअल सी प्लस प्लसची रनटाइम असते, जी त्यांच्याच साइटवर फुकट मिळते. दुसरी नेहमीची भानगड ३२ आणि ६४ बिटची. ६४ बिटच्या प्रोग्रॅममध्ये ३२ बिटची डीएलएल चढतच नाही, कितीही वेळा पेस्ट करा. (त्यातून ६४ बिटच्या विंडोजमध्ये ‘सिस्टिम ३२’ या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइल्स असतात. हे नाव ठेवणाऱ्याला एकदा भेटायचंय मला.)

आपण ‘डायनॅमिक लिंकिंग’वर आठ मार्कांचं उत्तर पाठ करतो, आणि तीच गोष्ट समोर आली की ओळखत नाही. व्हर्च्युअलडबची .व्हीडीएफ, आफ्टर इफेक्ट्सची .एईएक्स, ओपनएफएक्सची .ओएफएक्स, विंडोजवर या सगळ्या आतून डीएलएलच, फक्त आडनाव बदललेलं. खोटं वाटत असेल तर नोटपॅडमध्ये उघडा. पहिली दोन अक्षरं एम आणि झेड दिसतील. ती मायक्रोसॉफ्टच्या मार्क झ्बिकोव्स्की यांच्या नावाची आद्याक्षरं आहेत.

आणि प्लग-इन म्हणजे काही फोटो किंवा फॉन्ट नव्हे. तो साधारणपणे सॉफ्टवेअरच्याच प्रोसेसमध्ये चालतो. त्याला कारणही आहे. १९२० × १०८० च्या एका फ्रेममध्ये पिक्सेलमागे ४ बाइट धरले तर जवळजवळ ८३ लाख बाइट्स होतात, आणि सेकंदाला अशा २५ फ्रेम्स. एवढा माल सारखा इकडून तिकडे कॉपी करत बसण्यापेक्षा नुसता पॉइंटर हातात देणं स्वस्त. पण त्या पॉइंटरबरोबर घराच्या किल्ल्याही जातात ना! तुम्ही जी फाइल वाचू शकता, पुसू शकता, ती त्यालाही वाचता-पुसता येते. आणि इफेक्टचं बटण दाबेपर्यंत थांबायचीही त्याला गरज नसते. डीएलएल मेमरीत आली, की तिचं सुरुवातीचं फंक्शन विंडोज आपणहून चालवतं.

मग प्लग-इन वापरायचेच नाहीत का? असं मुळीच म्हणत नाही मी. व्हर्च्युअलडब अ‍ॅव्हरी ली यांनी विद्यार्थी असताना लिहायला घेतलं, आणि पुढे कितीतरी लोकांनी त्याला फिल्टर लिहून दिले. २००४ मध्ये ओपनएफएक्स आलं, म्हणून एकच इफेक्ट वेगवेगळ्या सॉफ्टवेअरमध्ये चालू शकतो. माझं भांडण आपल्या सवयीशी आहे. क्रॅक केलेल्या प्लग-इन्सचा पेन ड्राइव्ह हॉस्टेलमध्ये प्रसादासारखा फिरतो. कोणी बनवला, कुठून आला, विचारणारा ‘बोअर’ ठरतो. पैसे नाहीत हे कारण मला मान्य आहे, माझ्याकडेही नाहीत. पण केडेनलाइव्ह आणि शॉटकट फुकट आहेत, त्यांचा सोर्स उघडा आहे आणि दोघांतही फ्रायोरचे इफेक्ट्स चालतात.

हे फ्रायोर (स्पेलिंगमध्ये ओच्या जागी शून्य!) मी सुट्टीत उघडून पाहिलं. एक हेडर फाइल आणि जेमतेम दहाएक फंक्शन्स. खरं काम एकाच फंक्शनमध्ये, एक फ्रेम आत येते, एक बाहेर जाते. साध्या सी मध्ये रंग उलटे करणारा प्लग-इन लिहायला मला एक दुपार लागली, तीही चहासकट. आपल्या सिस्टिम प्रोग्रॅमिंगच्या प्रॅक्टिकलमध्ये दोन संख्यांची बेरीज करणारी डीएलएल लिहायला लावतात. वर्षानुवर्षं तीच बेरीज, त्याच जर्नलमधून उतरवलेली! त्याऐवजी हा एक प्लग-इन का नको? ज्याने एकदा स्वतः लिहिलाय, तो दुसऱ्याचा पेस्ट करताना निदान दोन सेकंद थांबेल.

सेंड-ऑफला फिल्मच्या ऐवजी आम्ही फोटोंचा स्लाइड शो दाखवला. मामांनी विचारलं तेव्हा मी सांगितलं, "मामा, हार्ड डिस्क गेली." ते म्हणाले, "जाऊ दे पोरी, हार्ड डिस्क जातेच."

मामा, हार्ड डिस्क गेली नव्हती. ती मी घालवली. दिवाळीनंतर तुमच्या गावी येणार आहोत, तेव्हा पुन्हा बोलाल का? या वेळी तीन ठिकाणी कॉपी ठेवेन.