उपाध्यायावर संन्यासाची सक्ती

कॅथलिक धर्मगुरूंना विवाहाची मुभा असावी की नसावी, हा वाद मूळचा रोमचा. परंतु त्या वादात ‘भारतीय मना’ला साक्षीदार म्हणून उभे करण्याची जी एक वहिवाट आपल्याकडे पडत चालली आहे, तिचा समाचार घेणे आता प्राप्तच झाले आहे. परवा नंदुरबारात एका व्यासंगी गृहस्थांनी हा साक्षीदार पुन्हा एकदा हजर केला. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे : भारतीय मन त्यागापुढे वाकते, प्रपंचापुढे नाही, सातपुड्यातला आदिवासी बायकामुलांच्या गराड्यातल्या फादरांना कवडीची किंमत देणार नाही, शिवाय संसाराला पैसा लागतो, शिवाय संसारी माणसाचे चित्त दुभंगते, आणि शिवाय ब्रह्मचर्याची ही रीत थेट प्रेषितांपासून चालत आलेली आहे. इतके बोलून ते खाली बसले आणि श्रोत्यांनी टाळ्या वाजविल्या. टाळ्यांबद्दल माझी तक्रार नाही. चहाची वेळ झाली होती.

शेवटच्या मुद्द्यापासून आरंभ करू, कारण तो लवकर आटोपतो. प्रेषितांचा अग्रणी जो पेत्र, त्याची सासू तापाने फणफणली असता येशूने तिला बरे केले, असे शुभवर्तमानातच आहे. आणि सासू ही विवाहावाचून कोणालाही लाभत नाही. पश्चिमेत दीक्षितांच्या विवाहांवर निर्बंध चौथ्या शतकापासून होते, उपदेश होते, दंडही होते; पण असा विवाह मुळातच रद्दबातल, हे कलम सर्व लॅटिन ख्रिस्तमंडळाला लागू झाले ते 1139 च्या दुसऱ्या लॅटरन परिषदेत. पोप सहावे पॉल यांनी 1967 च्या परिपत्रकात ब्रह्मचर्याचा हिरिरीने कैवार घेतला खरा, तथापि पौरोहित्याच्या स्वरूपातच ते अनिवार्य आहे, असे त्यांनीही म्हटले नाही. चित्त दुभंगण्याविषयी पौलाने जे लिहिले ते आदरणीयच; पण त्याच्याच नावावरच्या तिमथ्याला लिहिलेल्या पत्रात अध्यक्ष एका स्त्रीचा पती असावा आणि स्वतःचे घर नीट चालविणारा असावा, असेही आहे. राहिला पैसा. तो लागतो, जीपगाडीलाही लागतो.

आता त्या भारतीय मनाकडे वळू. हे मन कुठल्या गावी राहते, ते व्यासंगी गृहस्थांनी सांगितले नाही. मला मात्र जे मन आजवर पाहावयास मिळाले, ते संन्याशाला नमस्कार करते आणि बारशाला, लग्नाला व तेराव्याला संसारी भटजींनाच बोलावते. ज्याने शिखासूत्राचा त्याग केला, अग्नीचा त्याग केला, त्याला कर्मकांडाचा अधिकारच उरत नाही, हा आपल्या धर्मशास्त्राचा सर्वपरिचित दंडक आहे. उलट यजमानाला पत्नीवाचून यज्ञ करता येत नाही, आणि म्हणूनच अश्वमेधाच्या वेळी प्रत्यक्ष रामचंद्राला सोन्याची सीता घडवून शेजारी बसवावी लागली. तेव्हा संन्यासी आणि उपाध्याय ही आपल्याकडे दोन निराळी माणसे आहेत. धर्मग्रामातला फादर हा मुलांचा बाप्तिस्मा करतो, लग्ने लावतो, मिस्साबलिदान अर्पण करतो, प्रेताला माती देतो. म्हणजे काम सगळे उपाध्यायाचे, आणि अट मात्र संन्याशाची! ही सांगड घालायची तर खुशाल घालावी, पण तिच्यावर ‘भारतीय’ असा शिक्का मारण्याचा अधिकार कोणी दिला?

यावर कोणी विठ्ठलपंतांचे उदाहरण काढील. काढावेच. संन्यास घेऊन गुरूच्या आज्ञेने पुन्हा गृहस्थाश्रमात आलेल्या त्या पुरुषाला आळंदीच्या ब्रह्मवृंदाने वाळीत टाकले, परंतु ते संसार केल्याबद्दल नव्हे, तर घेतलेला आश्रम टाकल्याबद्दल. आणि त्याच्या मुलांपुढे महाराष्ट्र सातशे वर्षे डोके टेकवीत आहे. एकनाथ गृहस्थ होते, तुकोबा गृहस्थ होते, आणि मंडपातून पळालेल्या रामदासांना आपण समर्थ म्हटले, तरी या दोघांना कमी कोणी लेखले नाही.

आदिवासींच्या नावाने जे बोलले जाते, त्याचे मला विशेष नवल वाटते. अक्कलकुवा तालुक्यातील काठीची राजवाडी होळी ज्याने पाहिली आहे, त्याला ठाऊक आहे की नवस बोललेले पुरुष होळीच्या आधीपासून पाळणी पाळतात : जमिनीवर निजतात, पायांत वहाण घालीत नाहीत, बायकोच्या हातचे अन्न घेत नाहीत, ब्रह्मचर्याने राहतात, मग अंगावर राखेची नक्षी, डोक्यावर मोरपिसांचा टोप, कमरेला भोपळे आणि घुंगरू बांधून रात्रभर नाचतात, पहाटे होळी पेटते, आणि व्रताची मुदत सरली की स्नान करून आपापल्या घरी, आपापल्या बायकोकडे परततात. ब्रह्मचर्याचे मोल या लोकांना कळत नाही असे नाही, उत्तम कळते. पण ते मुदतीचे आहे, स्वखुशीचे आहे, आणि व्रत संपल्यावर घरी जाणाऱ्याला कोणी भोगी म्हणत नाही. पाड्यावरचा पुजारा आणि बडवा तर बारमाही संसारी. नवापूर तालुक्यात गेल्या शतकाच्या पूर्वार्धापासून प्रॉटेस्टंट मंडळ्या आहेत, त्यांचे पाळक सपत्नीक आहेत, आणि पाळकीणबाई घरात आहेत म्हणून कोणी उपासनेला यायचे थांबले, असे ऐकिवात नाही.

परंतु या वादातील खरा कागद व्यासंगी गृहस्थांनी दप्तरातून बाहेरच काढला नाही, तो 1599 सालचा. मलबारात संत थोमाच्या परंपरेचे जे ख्रिस्ती पोर्तुगीजांच्या कितीतरी आधीपासून नांदत होते, त्यांचे धर्मगुरू, म्हणजे कत्तनार, विवाहित असत, आणि त्या समाजात त्यांचा व त्यांच्या बायकांचा मान मोठा होता. कोचीजवळच्या उदयंपेरूर येथे गोव्याचे आर्चबिशप आलेइशो द मेनेझिश यांनी धर्मसभा भरविली आणि फर्मान काढले की पुढे कोणा दीक्षिताने लग्न करू नये, व ज्यांनी केले असेल त्यांनी बायकोपासून दूर व्हावे किंवा वेदीवरची सेवा सोडावी. म्हणजे भारतीय मन आपल्या सपत्नीक धर्मगुरूंसह सुखाने चालले होते, आणि ब्रह्मचर्याची सक्ती गोव्याहून एका पोर्तुगीज धर्माधिकाऱ्याच्या हुकुमाने येऊन थडकली! 1653 मध्ये मट्टनचेरीला क्रुसासमोर शपथ घेऊन बहुसंख्य समाजाने पोर्तुगीज धर्मसत्ता झुगारून दिली, ती या एकाच कारणाने नव्हे. पण त्यांतील जे रोमकडे परतले नाहीत, त्यांचे वंशज आजही विवाहित अचनांचा, म्हणजे धर्मगुरूंचा, हात आदराने चुंबितात. जे परतले ते सिरो-मलबार मंडळ पूर्वेकडील असूनही आज ब्रह्मचारी धर्मगुरूच नेमते. 1988 पासून त्याचा एक धर्मप्रांत आपल्या कल्याणला आहे. युक्रेन आणि लेबनॉन येथील, रोमशी पूर्ण ऐक्य असलेली पूर्वेकडील मंडळे मात्र विवाहितांना दीक्षा देतात. तेव्हा जे युक्रेनी आणि लेबनानी मनाला चालते ते भारतीय मनाला झेपत नाही, आणि ते का झेपत नाही, तर गोव्याहून तसा हुकूम आला म्हणून!

‘आदर जाईल’ ही ओरड मला नवी नाही. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर मिस्सा लॅटिन सोडून मराठीत आली, तेव्हाही अशाच मंडळींनी सांगितले होते की लोकांना अर्थ कळू लागला की भक्ती संपेल. अर्थ कळला, लोक अजून येतात, आणि त्या भाकिताचे धनी आज मराठी स्तोत्रे सर्वांत मोठ्या आवाजात म्हणतात. हे विषयांतर झाले, पण गोड झाले.

मग करावे काय? ब्रह्मचर्य मोडीत काढावे, असे मी म्हणत नाही. येशूसंघीयांसारखे व्रतस्थ संघ आहेत, त्यांच्या व्रताला हात लावण्याचे कारण नाही. स्वखुशीने अविवाहित राहून सेवा करणाऱ्याला मी आधी नमस्कार करीन. परंतु नाशिकपासून सातपुड्यापर्यंत पसरलेल्या धर्मप्रांतात दूरच्या पाड्यावर फादर येईपर्यंत रविवारची प्रार्थना घेणारा, मुलांना क्रुसाची खूण शिकविणारा, आजाऱ्याच्या उशाशी बसणारा जो धर्मशिक्षक असतो, तो बहुधा चार मुलांचा बाप आणि दोन एकर ज्वारीचा धनी असतो. कुमसार, म्हणजे पापनिवेदन, ऐकण्याचा आणि मिस्सा अर्पण करण्याचा अधिकार तेवढा त्याला नाही. इंग्लंडमधला अँग्लिकन धर्मगुरू रोमकडे आला तर 2009 च्या व्यवस्थेने पोपच्या खास परवानगीने तो बायकोसह वेदीपाशी उभा राहू शकतो. आणि जन्माने कॅथलिक असलेला हा भिल्ल किंवा पावरा गृहस्थ दारातच! 2019 मध्ये ॲमेझॉनच्या धर्मसभेने अशाच, आधीच डीकन (म्हणजे धर्मगुरूच्या खालच्या पायरीवर) असलेल्या, अनुभवी विवाहितांना धर्मगुरूची दीक्षा देण्याची शिफारस 128 विरुद्ध 41 मतांनी केली. पुढच्या वर्षीच्या पोपच्या पत्रात त्या शिफारशीविषयी अक्षरही नव्हते. नकारही नव्हता. मुंबई धर्मप्रांतात विवाहित डीकन आहेतच. तोच मार्ग सातपुड्यात आणून, चाळिशी उलटलेल्या, गावाने पारखलेल्या माणसाला, त्याच्या बायकोची संमती घेऊन, आधी डीकन करावे आणि पुढच्या पायरीसाठी आपल्या बिशपांनी रोमकडे रीतसर अर्ज करावा. अशा माणसाची बदली करू नये, आणि त्याने आपली शेती सोडू नये. म्हणजे संसाराच्या खर्चाची जी चिंता व्यासंगी गृहस्थांना लागली आहे, तीही पुष्कळशी दूर होईल.